पाण्याच्या टाकीतले विमान

पक्कड हाताशी नसताना तार तोडायची वेळ आली तर आपण काय करतो? तार एकाच जागी वाकवतो, सरळ करतो, पुन्हा वाकवतो. काही वेळा असे केले की ती तुटते. तीच तार दोन्ही हातांनी ओढून तोडायला गेलो तर बोटे कापतील, पण तार तुटणार नाही. एका दमात मोठे बळ लावून जे साधत नाही, ते लहान बळ वारंवार लावून साधते. अशा वारंवार पडणाऱ्या ताणाने धातू कमजोर होत जातो, याला अभियंते ‘धातूचा थकवा’ म्हणतात.

१९५४ साली तीन महिन्यांच्या आत दोन प्रवासी विमाने आकाशातच फुटली आणि ५६ माणसे मृत्युमुखी पडली. त्यामागे हा थकवा होता. आज हे वाक्य लिहायला सोपे आहे. परंतु त्या वेळी हातात होते ते समुद्रतळाशी विखुरलेले पत्र्याचे तुकडे आणि काही मृतदेह. वाचलेला कोणी नव्हता आणि विमानात नोंदी ठेवणारे यंत्रही नव्हते. मग कारण सापडले कसे? विज्ञानाच्या पाठ्यपुस्तकात निष्कर्ष असतात. ते कसे काढले याची हकीकत बहुधा नसते. म्हणून ही हकीकत थोडी सविस्तर सांगायचे आम्ही ठरवले आहे.

चौकशी करणारे खाते

विमान उडू लागले १९०३ साली, आणि विमाने पडूही लागली. सुरुवातीच्या काळात वैमानिक म्हणजे धाडसी माणूस आणि अपघात म्हणजे धाडसाची किंमत, अशीच समजूत होती. १३ मे १९१२ रोजी इंग्लंडमधील ब्रुकलँड्स येथे एक विमान कोसळून दोघे ठार झाले. त्या अपघाताची चौकशी ‘रॉयल एरो क्लब’ या हौशी उड्डाणप्रेमींच्या संस्थेने केली आणि आपला अहवाल प्रसिद्ध केला. अपघातातून काही शिकता येते, ही कल्पना येथून कागदावर आली.

पुढे तीनच वर्षांनी, पहिले महायुद्ध चालू असताना, ब्रिटिश सैन्याच्या विमानदळात ‘अपघात चौकशी शाखा’ सुरू झाली. कॅप्टन जी. बी. कॉकबर्न हे तिचे पहिले निरीक्षक. साल १९१५. युद्धानंतर ही शाखा नागरी विमान वाहतुकीच्या खात्याकडे आली आणि १९२२ साली विमान अपघातांच्या चौकशीचे स्वतंत्र नियम झाले. आज हीच शाखा ‘हवाई अपघात चौकशी शाखा’ या नावाने फार्नबरो या गावी काम करते.

पोलीस तपास करतात, न्यायालय निवाडा देते. मग हे तिसरे खाते कशाला? याचे उत्तर प्रश्नांच्या फरकात आहे. पोलीस विचारतात, ‘कोणी केले?’ न्यायालय विचारते, ‘दोषी कोण आणि शिक्षा काय?’ अपघाताचा निरीक्षक विचारतो, ‘हे घडले कसे, आणि पुन्हा घडू नये म्हणून काय करावे?’ पहिल्या दोन प्रश्नांना माणसे घाबरतात. वैमानिक, कारागीर, आराखडा काढणारा अभियंता, सगळेच आपापले कागद जपून ठेवतात. तिसऱ्या प्रश्नाला उत्तर देण्यात मात्र सर्वांचाच लाभ असतो. निदान तसे वातावरण असावे लागते. ते नसले तर काय होते आणि असले तर काय होते, हे पाहायला कॉमेट विमानाइतके चांगले उदाहरण दुसरे नाही.

आकाशातला फुगा

दुसरे महायुद्ध संपले तेव्हा प्रवासी विमाने पंख्यांच्या इंजिनांवर चालत. इंग्लंडच्या डी हॅविलँड कंपनीने जेट इंजिनांचे प्रवासी विमान बांधायला घेतले. त्याचे नाव कॉमेट, म्हणजे धूमकेतू. २७ जुलै १९४९ रोजी ते प्रथम उडाले आणि २ मे १९५२ रोजी लंडन ते जोहान्सबर्ग अशी जगातील पहिली जेट प्रवासी सेवा सुरू झाली. वेग ताशी ७०० किलोमीटरहून अधिक, उंची १२ किलोमीटरपर्यंत. इतक्या उंचीवर हवा विरळ असते, त्यामुळे विमानाला विरोध कमी होतो आणि वादळी ढगही बहुतेक खालीच राहतात.

पण माणसाला श्वास घ्यायला हवा लागते. १२ किलोमीटर उंचीवर हवेचा दाब समुद्रसपाटीच्या सुमारे एक पंचमांश असतो. म्हणून केबिनमध्ये हवा भरून आतला दाब वाढवावा लागतो. कॉमेटमध्ये तो सुमारे २४०० मीटर उंचीवरील दाबाइतका, म्हणजे उटीला असतो त्याहून थोडा कमी, ठेवलेला असे. त्यामुळे आतल्या आणि बाहेरच्या दाबात दर चौरस सेंटिमीटरला सुमारे ०.५८ किलोग्रॅम भाराइतका फरक पडे. हा आकडा लहान दिसतो. आता समजा, खिडकी ३० सेंटिमीटर रुंद आणि ४० सेंटिमीटर उंच आहे. तिचे क्षेत्रफळ १२०० चौरस सेंटिमीटर. म्हणजे एका खिडकीवर आतून बाहेर सुमारे ७०० किलोग्रॅम भार! आणि हा भार पेलणारा धडाचा पत्रा काही ठिकाणी एका मिलिमीटरपेक्षाही पातळ होता. वजन वाचवण्यासाठी तो तसा ठेवणे भाग होते.

विमान वर चढले की केबिन फुगते, खाली उतरले की ती पूर्ववत होते. प्रत्येक उड्डाण म्हणजे फुगा एकदा फुगवून सोडण्यासारखे. हे फुगणे डोळ्यांना दिसत नाही; पत्र्याला मात्र ते जाणवते.

तीन अपघात

सेवा सुरू झाल्याला बरोबर एक वर्ष झाले त्या दिवशी, २ मे १९५३ रोजी, कलकत्त्याच्या डमडम विमानतळावरून दिल्लीकडे निघालेले कॉमेट काही मिनिटांतच वादळात सापडून कोसळले. विमानातील सर्व ४३ जण ठार झाले. भारत सरकारने नेमलेल्या चौकशी न्यायालयाने निष्कर्ष काढला की विमान हवेतच मोडले. वादळातील जबर झोतांमुळे, किंवा त्या झोतांतून विमान सावरताना वैमानिकाकडून नियंत्रणे जास्त ओढली गेल्यामुळे. वैशाखातील वादळ बंगालमध्ये सर्वांच्या परिचयाचे. निष्कर्ष पटण्यासारखा होता आणि हाती असलेल्या माहितीशी जुळणाराही होता.

१० जानेवारी १९५४. सिंगापूरहून लंडनला जाणारे कॉमेट रोमहून सकाळी निघाले. त्याच्या नोंदणीतील शेवटच्या दोन अक्षरांवरून त्याला ‘योक पीटर’ म्हणत. जेटची पहिली प्रवासी सेवा याच विमानाने केली होती. सुमारे वीस मिनिटांनी त्याचा वैमानिक दुसऱ्या विमानाशी रेडिओवर बोलत होता. वाक्य अर्धेच राहिले. एल्बा बेटाजवळच्या कोळ्यांनी स्फोटासारखा आवाज ऐकला आणि जळते तुकडे समुद्रात पडताना पाहिले. ३५ जण गेले. या वेळी वादळ नव्हते.

विमान कंपनीने सर्व कॉमेट विमाने आपणहून जमिनीवर ठेवली. ब्रिटिश नौदलाने समुद्राचा तळ धुंडाळायला सुरुवात केली. तिथली खोली सव्वाशे ते दोनशे मीटर. या कामासाठी पाण्याखाली चालणारा दूरदर्शन कॅमेराही वापरला गेला. परंतु तुकडे वर यायला वेळ लागत होता आणि विमाने बसून राहणे परवडणारे नव्हते. तेव्हा तज्ज्ञांची समिती बसली आणि ‘काय काय झाले असेल?’ याची यादी तिने केली. आग लागली असेल, इंजिनाचे पाते तुटून टाकीत घुसले असेल, नियंत्रणे बिघडली असतील. यादीतल्या प्रत्येक शक्यतेवर उपाय म्हणून विमानांत पन्नासहून अधिक सुधारणा केल्या गेल्या. आगीची शक्यता सर्वांत मोठी मानली गेली. २३ मार्च १९५४ रोजी कॉमेट पुन्हा उडू लागले.

अवघ्या सोळा दिवसांनी, ८ एप्रिल १९५४ रोजी, रोमहून कैरोला निघालेले ‘योक योक’ हे कॉमेट नेपल्सच्या दक्षिणेला समुद्रात कोसळले. २१ जण गेले. येथे समुद्र जवळजवळ एक किलोमीटर खोल होता. त्या काळात तेथून अवशेष काढणे शक्यच नव्हते. चार दिवसांनी कॉमेटचे उड्डाणयोग्यतेचे प्रमाणपत्र काढून घेतले गेले.

येथे थोडे थांबून विचार करू. मार्चमध्ये जे निर्णय झाले ते बेपर्वाईने झाले नव्हते. त्यांत जाणकार माणसे होती. चूक एवढीच की कारण सापडण्याआधी उपाय केले गेले. उपायांची संख्या मोठी होती, म्हणून खरे कारण त्यांत कुठेतरी आले असेल असे वाटले. औषध कोणते लागू पडेल ते कळत नाही म्हणून पन्नास औषधे एकदम द्यावीत, असा हा प्रकार. एक्कावन्नावा रोग असला तर?

फार्नबरोची टाकी

आता काम फार्नबरोच्या ‘रॉयल एअरक्राफ्ट एस्टॅब्लिशमेंट’ या सरकारी संशोधन संस्थेकडे आले. तिचे संचालक अर्नोल्ड हॉल तेव्हा चाळिशीच्याही अलीकडे होते. पैसा आणि माणसे यांची तमा बाळगू नये, असे पंतप्रधान चर्चिल यांनी बजावले होते. अपघात चौकशी शाखेने गोळा केलेली माहिती आणि नौदलाने काढलेले तुकडे, सगळे फार्नबरोला पोचू लागले.

एका मोठ्या शेडमध्ये विमानाच्या आकाराचा सांगाडा उभारला गेला आणि आलेला प्रत्येक तुकडा त्यावर आपल्या जागी बसवला जाऊ लागला. ऑगस्टपर्यंत योक पीटरच्या मुख्य भागांपैकी सुमारे ७० टक्के हाती आले. पंखावरच्या ओरखड्यांत धडाच्या रंगाचे अंश सापडले. याचा अर्थ धडाचे तुकडे उडून पंखावर आपटले तेव्हा पंख जागेवर होता. म्हणजे आधी फुटले ते धड. पंखाजवळची आग नंतरची.

दुसरा धागा पिसा येथून आला. तेथील न्यायवैद्यक शास्त्राचे प्राध्यापक अँतोनिओ फोर्नारी यांनी मृतदेहांची तपासणी केली होती. अनेकांची फुप्फुसे फाटलेली होती आणि कवट्यांना जबर मार लागलेला होता. भोवतालचा दाब एकाएकी नाहीसा झाला की फुप्फुसांतली हवा झपाट्याने प्रसरण पावते. माणसे उडून छतावर आपटतात. फार्नबरोत केबिनची लहान प्रतिकृती करून, तिच्यात बाहुल्या बसवून, दाब एकदम सोडून पाहिला. निष्कर्ष जुळला.

म्हणजे केबिन फुगत-फुगत फुटली असावी. पण हे सिद्ध कसे करायचे? उघड मार्ग एक होता. खरेखुरे विमान घ्यायचे, त्यात दाब भरायचा आणि सोडायचा, पुन्हा भरायचा आणि सोडायचा, ते फुटेपर्यंत. अडचण अशी की हवा दाबली जाते आणि दाबलेल्या हवेत ऊर्जा साठते. हवा भरलेली केबिन फुटली तर बाँबसारखा स्फोट होईल, धडाच्या चिंधड्या उडतील आणि पहिली चीर कुठे पडली तेच कळणार नाही. पाणी मात्र जवळजवळ दाबले जात नाही. फुगवलेली कागदी पिशवी टाळी मारून फोडली की मोठा आवाज होतो; पाण्याने भरलेली प्लॅस्टिकची पिशवी फाटली की नुसते पाणी सांडते. फरक साठलेल्या ऊर्जेचा आहे.

म्हणून ‘योक अंकल’ या नावाच्या दुसऱ्या कॉमेटचे धड एका प्रचंड टाकीत पाण्यात बुडवले गेले. टाकीच्या दोन्ही बाजूंनी पंख बाहेर आलेले. पाणी झिरपू नये म्हणून तिथे पडदे बसवलेले. धडाच्या आत पाणी, बाहेरही पाणी. त्यामुळे पाण्याच्या वजनाचा ताण पत्र्यावर येत नव्हता. पंपाने आत आणखी थोडे पाणी दडपले की दाब वाढे, सोडले की उतरे. त्याच वेळी यांत्रिक दट्ट्यांनी पंख वर-खाली ढकलून वाऱ्याच्या झोतांचा परिणाम साधला जाई. तासन्‌तासांचे उड्डाण काही मिनिटांत आटोपे. मधूनमधून, खऱ्या विमानाची जशी कसोटी घेतात तसा, नेहमीपेक्षा एक तृतीयांशाने अधिक दाबही दिला जाई. काम रात्रंदिवस चाले.

योक अंकलने टाकीत येण्यापूर्वी सुमारे १२३० उड्डाणे केली होती. टाकीत आणखी सुमारे १८३० ‘उड्डाणे’ झाली आणि जून १९५४ मध्ये एके दिवशी दाब एकदम उतरला. पाणी काढून पाहिले तर केबिनच्या बाजूचा पत्रा फाटला होता. चिरेची सुरुवात बाहेर पडण्याच्या एका झडपेच्या खिडकीच्या कोपऱ्यात होती आणि तिथे धातूच्या थकव्याची खूण स्पष्ट होती.

योक पीटरचे आयुष्य १२९० उड्डाणांचे, योक योकचे सुमारे ९००, टाकीतल्या विमानाचे सुमारे ३०६०. आकडे सारखे नव्हते, पण ज्या आयुष्याची अपेक्षा होती त्याच्या तुलनेत सगळेच फार लहान होते.

तरीही हॉल यांनी समाधान मानले नाही. टाकीतले विमान असे फुटते म्हणून समुद्रातले विमान तसेच फुटले, हे सिद्ध होत नाही! त्यासाठी योक पीटरचाच तुकडा हवा होता. फार्नबरोत विमानाच्या लाकडी प्रतिकृती हवेत विखुरून, कोणता भाग कुठे पडला असेल याचा अंदाज घेतला गेला आणि शोधाची जागा त्यावरून बदलली गेली. ऑगस्टमध्ये एका इटालियन मासेमारी बोटीच्या जाळ्यात केबिनच्या छताचा तुकडा आला. त्यात रेडिओच्या आकाशिकेसाठी ठेवलेल्या दोन झरोक्यांची भोके होती. मागच्या झरोक्याच्या कोपऱ्याजवळ, एका बोल्टच्या भोकाच्या कडेला, थकव्याची चीर होती. आता साखळी पुरी झाली.

आधीची चाचणी का फसली?

वाचकांच्या मनात प्रश्न आला असेल: कंपनीने आधी चाचणी घेतलीच नव्हती काय? घेतली होती, आणि या साऱ्या प्रकरणातला सर्वांत बोधप्रद भाग हाच आहे.

डी हॅविलँडने केबिनचा एक भाग तयार करून त्यात प्रत्यक्ष दाबाच्या दुप्पट दाब भरून पाहिला होता. तो टिकला. पुढे थकव्याचा प्रश्न निघाला तेव्हा त्याच भागावर हजारो वेळा दाब भरून-सोडून पाहिला. तो सुमारे १८,००० वेळांनंतर फुटला. विमानाच्या साऱ्या आयुष्यात इतकी उड्डाणे व्हायचीच नव्हती. सगळे निश्चिंत झाले.

घोटाळा ‘त्याच भागावर’ या दोन शब्दांत होता. दुप्पट दाब दिला तेव्हा खिडकीच्या कोपऱ्यांजवळचा धातू थोडासा कायमचा ताणला गेला होता. दाब उतरल्यावर भोवतालच्या न ताणलेल्या धातूने त्याला परत दाबून धरले. म्हणजे जिथे चीर पडायची त्याच जागी पत्रा आतून आवळला गेला, आणि तो अधिक टिकाऊ झाला. चाचणीच्या नमुन्याला, कोणाच्याही नकळत, जणू लस टोचली गेली होती! आकाशात उडणाऱ्या विमानांना ती टोचलेली नव्हती. त्यांची कसोटी फक्त थोड्या जास्त दाबावर घेतली जाई. चाचणी खोटी नव्हती, मोजमाप चुकले नव्हते. पण ज्याची परीक्षा घेतली तो नमुना आणि ज्यात माणसे बसली ते विमान यांत फरक होता.

शिवाय भोकाच्या कोपऱ्याशी ताण किती वाढतो, याचा अंदाजही कमी पडला होता. शाम्पूच्या पुडीच्या कडेला एक लहानशी खाच असते. खाच नसली तर पुडी फाडताना दात लावावे लागतात. असली तर ती बोटांनी फाटते. बळ तेच, खाचेच्या टोकाशी ते एकवटते. सपाट पत्र्याला भोक पाडले की त्याच्या कोपऱ्याशी असेच होते. फार्नबरोच्या हिशोबाप्रमाणे खिडकीच्या कोपऱ्याशी येणारा ताण पत्र्याच्या अंतिम ताकदीच्या सुमारे ७० टक्क्यांपर्यंत जात होता. प्रत्येक उड्डाणात!

‘कॉमेटच्या खिडक्या चौकोनी होत्या म्हणून ते फुटले’ असे एका वाक्यात अनेक ठिकाणी लिहिलेले आढळते. ते अर्धेच खरे आहे. खिडक्यांचे कोपरे गोलसर होते, आणि योक पीटरची चीर प्रवाशांच्या खिडकीपासून नव्हे तर छतावरच्या झरोक्यापासून सुरू झाली. भोकाचा आकार, पत्र्याची जाडी, बोल्टची भोके, ताणाचा कमी धरलेला हिशोब आणि फसवी चाचणी हे सारे एकत्र आले. अपघाताला सहसा एकच कारण नसते.

न्यायालय आणि नंतर

१९ ऑक्टोबर १९५४ रोजी लंडनमध्ये लॉर्ड कोहेन यांच्या अध्यक्षतेखाली जाहीर चौकशी सुरू झाली. कंपनीने आपले आराखडे, हिशोब आणि चाचण्यांच्या नोंदी खुल्या केल्या. फेब्रुवारी १९५५ मध्ये अहवाल प्रसिद्ध झाला. योक पीटर थकव्यामुळे फुटले, असा स्पष्ट निर्णय त्यात होता. योक योकचे अवशेष मिळाले नव्हते. म्हणून त्यालाही हेच स्पष्टीकरण लागू पडते, एवढेच म्हटले गेले. पुरावा जितका, विधान तितकेच. आणि या अपघातांना कोणाचे गैरकृत्य वा हलगर्जीपणा कारणीभूत नाही, असेही न्यायालयाने नमूद केले.

हे वाचून काहींना वाटेल की ५६ माणसे गेली आणि कोणालाच जबाबदार धरले नाही! मृतांच्या नातेवाइकांच्या जागी आपण असतो तर हेच वाटले असते. हा प्रश्न हलका नाही, आणि जिथे खरोखर बेपर्वाई असते तिथे न्यायालयाचे दार उघडे असलेच पाहिजे. पण कॉमेटच्या बाबतीत एखाद्या अभियंत्याला शिक्षा होऊन प्रकरण मिटले असते, तर फसलेल्या चाचणीची नोंद दप्तरात दडली असती. ती उघड झाली म्हणूनच एकाच नमुन्यावर बळाची आणि थकव्याची कसोटी घेऊ नये, हे साऱ्या जगाच्या अभियंत्यांना कळले. डी हॅविलँडच्या प्रतिस्पर्ध्यांनाही कळले. सुधारलेले कॉमेट १९५८ साली ४ ऑक्टोबरला अटलांटिकपार प्रवासी नेऊ लागले; तीनच आठवड्यांनी अमेरिकेचे बोईंग ७०७ त्या मार्गावर आले आणि बाजारपेठ त्याने घेतली. नुकसान डी हॅविलँडचे झाले, धडा सर्वांना मिळाला.

ऑस्ट्रेलियातील डेव्हिड वॉरन हे तरुण रसायनशास्त्रज्ञ कॉमेटच्या कारणांवरील चर्चेत सहभागी होते. वैमानिकांचे शेवटचे बोलणे आणि यंत्रांची शेवटची मोजमापे कुठेतरी नोंदलेली असती तर, असा विचार त्यांच्या मनात आला. त्यातून पुढे उड्डाणनोंदक तयार झाला. त्याला आपण ‘ब्लॅक बॉक्स’ म्हणतो. रंग मात्र नारिंगी असतो, म्हणजे ढिगाऱ्यात तो चटकन दिसावा.

अपघाताच्या चौकशीचे आंतरराष्ट्रीय नियम १९५१ साली १९४४ च्या शिकागो कराराच्या तेराव्या परिशिष्टात आले. चौकशीचा हेतू अपघात टाळणे हा आहे, दोष वा जबाबदारी वाटणे हा नाही, असे त्यात आज स्पष्ट लिहिलेले आहे. आणखी एक गोष्ट हळूहळू सर्वांच्या लक्षात आली. विमानाला परवाना देणारे खातेच चौकशी करू लागले तर त्याला स्वतःची चूक कशी दिसणार? म्हणून चौकशीचे खाते वेगळे हवे. अमेरिकेत असे मंडळ १९६७ साली स्थापन झाले आणि १९७५ साली पूर्ण स्वतंत्र झाले. भारतात नागरी विमान वाहतुकीचे नियमन करणारे महासंचालनालयच बहुतेक चौकश्या करीत असे. मोठ्या अपघातांसाठी वेगळे चौकशी न्यायालय नेमले जाई. २२ मे २०१० च्या मंगळूर अपघातात १५८ जण मरण पावले. त्याची चौकशी निवृत्त एअर मार्शल भूषण गोखले यांच्या अध्यक्षतेखाली झाली. त्यानंतर दोन वर्षांनी, २०१२ साली, ‘विमान अपघात तपास विभाग’ हे वेगळे खाते नागरी विमान वाहतूक मंत्रालयाखाली स्थापन झाले.

१२ जून २०२५ रोजी अहमदाबादला एअर इंडियाचे विमान कोसळून विमानातील आणि जमिनीवरील मिळून २६० जण मरण पावले. महिनाभराने या विभागाचा प्राथमिक अहवाल आला. त्यात काय घडले याचा क्रम होता. ते का घडले याचा निर्णय नव्हता. तरीही अहवाल हाती पडताच चहाच्या टपरीपासून दूरचित्रवाणीपर्यंत निकाल लावले गेले. मार्च १९५४ मध्येही असेच सर्वांना उत्तर हवे होते आणि ते लवकर हवे होते.

वर्गात काय करता येईल?

कागदाला लावायच्या धातूच्या क्लिपा एकाच खोक्यातून घ्याव्यात आणि प्रत्येक विद्यार्थ्याला एक द्यावी. क्लिप उघडून, एकाच जागी काटकोनात वाकवायची आणि सरळ करायची. तुटेपर्यंत किती वेळा वाकली ते मोजायचे. सर्वांचे आकडे फळ्यावर लिहून स्तंभालेख काढावा. क्लिपा सारख्या असूनही आकडे सारखे येणार नाहीत. मग विचारावे, ‘ही क्लिप किती वेळा वाकवली तरी चालेल, असे खोक्यावर छापायचे झाले तर कोणता आकडा छापाल?’ कोणी सरासरी सांगेल. सरासरी छापली तर साधारण निम्म्या क्लिपा त्याआधीच तुटतील, हे मुले स्वतःच दाखवून देतील. क्लिपेच्या जागी विमान असेल तर? येथे एक सावधानता सांगायला हवी: क्लिप आपण प्रत्येक वेळी कायमची वाकवतो, विमानाचा पत्रा तसा डोळ्यांना दिसेल इतका वाकत नाही. तत्त्व जवळचे आहे, प्रमाण वेगळे.

दुसरी गोष्ट प्रयोगाची नाही, वह्या तपासण्याची आहे. एखादा मुलगा ४२ वजा १७ याचे उत्तर ३५ लिहितो. आपण लाल फुली मारतो आणि पुढे जातो. पण ते ३५ आले कुठून? त्याने चारातून एक वजा केला, तीन. आणि दोनातून सात जात नाहीत म्हणून सातातून दोन वजा केले, पाच. म्हणजे ‘मोठ्यातून लहान वजा करायचे’ असा नियम त्याच्या मनात पक्का आहे. तो ६३ वजा २८ याचे उत्तर ४५ लिहील आणि ७१ वजा ३६ याचेही ४५ लिहील. त्याला निष्काळजी म्हणून त्याचा नियम बदलणार नाही. पन्नास उदाहरणे जास्त घातली तर तोच नियम पन्नास वेळा गिरवला जाईल. ‘हे कसे काढलेस ते मला सांग’ असे त्याला न घाबरवता विचारले, तर चीर नेमकी कुठून सुरू झाली ते दिसेल.